निखारा बाहेर, निखारा आत

पॅरिसमध्ये स्थायिक झालेल्या चित्रपटकार रिना शर्मन 1997 साली नामिबियाच्या वायव्य टोकाला, कुनेने प्रांतातल्या एटांगा गावी आल्या आणि सात वर्षं गुरं पाळणाऱ्या हिंबा जमातीतल्या एका कुटुंबाच्या सोबतीनं राहिल्या. इतकं राहायचं, तर आपलं वेळापत्रक सोडून गुरांचा दिवस धरावा लागतो. हिंबांच्या वाडीवर पाहुण्याचा तो दिवस साधारण असा जातो.

पहाटे 5 : मुख्य झोपडीतला निखारा बाहेर येतो आणि 'ओकुरुवो', म्हणजे पवित्र अग्नी, फुलतो. पूर्वजांशी बोलणं इथंच होतं. अग्नी आणि गुरांचं कुंपण यांच्यामधून परक्यानं जायचं नाही, मागून वळसा घ्यायचा. हा पाहुण्याचा पहिला धडा.

सकाळी 6 : बायका धारा काढतात. ठरावीक गाईंचं दूध कुटुंबप्रमुखानं चाखल्याशिवाय कुणी तोंडाला लावत नाही. पाहुणा त्यांना विचारतो, "मोरो, पेरिवी?" कशी आहेस? "नावा." बरी आहे.

सकाळी 8 : लोणी आणि गेरू कालवून 'ओत्जिझे' तयार होतं. त्यात सुगंधी डिंक मिसळून बायका अंगाला, केसांना चोपडतात. पाणी दुर्मीळ, म्हणून आंघोळीऐवजी अंगाला धुरी घेतात. तासाभरासाठी आलेला पर्यटक एवढंच टिपून निघून जातो. राहणाऱ्याचं काम यानंतर सुरू होतं.

सकाळी 10 : मुलं गुरं रानात नेतात, बायका पाणी-लाकडाला निघतात. पाहुण्यानंही घागर उचलली की त्यांच्या भाषेतले शब्द आपोआप कानावर पडतात.

दुपारी 1 : मोपानेच्या सावलीत टांगलेलं भोपळ्याचं भांडं हलवत दही घुसळणं चालतं. पाहुण्यानं विचारावं, "ही गाय कुणाची?" उत्तराला दुपार पुरत नाही. प्रत्येक माणूस दोन कुळांचा असतो: 'ओरुझो' बापाकडून, 'एआंडा' आईकडून. पवित्र गुरं बापाच्या कुळात राहतात, बाकीची बहुतेक मामाकडून भाच्याकडे जातात. एका गाईमागे अख्खी वंशावळ उभी राहते. म्हणूनच दुष्काळात गुरं मेली की नात्यांनाच खिंडार पडतं.

संध्याकाळी 6 : गुरं परततात, पुन्हा धारा. मक्याची लापशी आणि आंबलेलं दूध.

रात्री 9 : निखारा पुन्हा मुख्य झोपडीत जातो. उजेड नाही, कुणी टोकतही नाही. तरी पाहुणा मागच्या बाजूनं वळसा घालून आपल्या निजण्याच्या जागी जातो.