भाषेचा रकाना

गेल्या उन्हाळ्यात कुडाळजवळच्या आमच्या गावी मावशीच्या गोष्टी मी मोबाइलवर ध्वनिमुद्रित केल्या. वेताळाच्या, कोल्ह्याच्या, आणि सासूला सव्वाशेर भेटणाऱ्या एका सुनेच्या. एका डिजिटल संग्रहाला हा ऐवज द्यायचा ठरला. अर्जात नाव, गाव, वय भरून झालं आणि पुढं एक रकाना आला. त्याच्याशेजारी लाल तारा होता, म्हणजे भरल्याशिवाय सुटका नाही. भाषेचा तीन अक्षरी संकेत मागितला होता. यादी उघडली. मराठीसाठी एम-ए-आर होतं, कोकणीसाठी के-ओ-के होतं, मालवणी कुठंच नव्हती. शोधत शोधत खाली गेलो तर टी-एल-एच हा संकेत दिसला: क्लिंगॉन. 'स्टार ट्रेक'मधल्या परग्रहवासीयांसाठी मार्क ओक्रँड या भाषाशास्त्रज्ञानं रचलेली भाषा.

मावशी चुलीपाशी होती. तिथूनच विचारलं, "मावशे, भाषा काय म्हणून लिहू?"

"आमी बोलतंव ती. तिका आनी नाव कित्याक व्हया?"

मी पोटापाण्यासाठी सॉफ्टवेअरचं मराठीकरण करतो. दिवसभर माझ्यासमोर दोन प्रकारच्या भाषा असतात: ज्यांत माणसं बोलतात त्या, आणि ज्यांत यंत्राला हुकूम दिले जातात त्या. दोन्हींची नावं ठरवणारे आणि त्यांना रकान्यांत बसवणारे लोक आहेत, हे माहीत होतं. पण ते नेमकं काय करतात हे शोधायला मला मावशीच्या उत्तरानं लावलं.

ती यादी आयएसओ ६३९ या मानकातली. पहिली आवृत्ती दोन अक्षरांची. तीत मराठी एम-आर आहे (देशांच्या यादीत एम-आर म्हणजे मॉरिटानिया, त्यामुळे '.एमआर'नं संपणारी संकेतस्थळं आफ्रिकेतली निघतात). दोन अक्षरी यादीत जेमतेम १८०च्या आसपास भाषा आहेत. एस्परांतो तिच्यात आहे. एकोणिसाव्या शतकात एका जर्मन धर्मगुरूनं घडवलेली आणि लवकरच ओसरलेली व्होलाप्युकही आहे. कोकणी नाही. तिला तीन अक्षरी यादीत जागा मिळाली, आणि तीही छत्रीसारखी: के-ओ-केच्या खाली गोव्याची कोकणी जी-ओ-एम आणि उरलेली के-एन-एन. अहिराणीला ए-एच-आर आहे, वऱ्हाडी-नागपुरीला व्ही-ए-एच आहे. कुठल्याच भाषेत नसलेल्या आवाजासाठी, म्हणजे समुद्राची गाज किंवा वाद्यसंगीत यांसाठीही झेड-एक्स-एक्स असा संकेत आहे.

या उदार यादीनं दार बंद ठेवलंय ते प्रोग्रामिंगच्या भाषांना. केवळ यंत्रांसाठी रचलेल्या भाषा यात येणार नाहीत, असं मानकात स्पष्ट म्हटलंय. क्लिंगॉन चालते, पास्कल चालत नाही. जिनीव्हातल्या त्याच संस्थेची संगणकीय भाषांसाठी वेगळी उपसमिती आहे, क्रमांक २२. तिथं सी भाषेला ९८९९ हा मानक क्रमांक आहे आणि तिचं अख्खं व्याकरण, कुठं स्वल्पविराम द्यायचा इथपर्यंत, त्या दस्तऐवजात बांधलेलं आहे. माणसांच्या भाषेला तीन अक्षरं दिली की संस्थेचं काम संपतं.

तीन अक्षरी मोठी यादी, ७,०००हून जास्त संकेतांची, २००७ साली प्रसिद्ध झाली. ती सांभाळते एसआयएल ही अमेरिकी संस्था. १९३४ साली आर्कान्सामध्ये बायबलच्या भाषांतरकारांना भाषाशास्त्र शिकवणारा उन्हाळी वर्ग म्हणून ती सुरू झाली. तिचा 'एथ्नोलॉग' हा भाषाकोश १९५१ साली ४६ भाषांच्या नोंदीपासून वाढत गेला. जगातल्या बोलींची यादी मिशनरी का ठेवतात, हा प्रश्न पडायला नको. कोणाला कोणत्या भाषेत शुभवर्तमान द्यायचं हे ठरवायचं, तर आधी भाषा मोजाव्या लागतात.

आपल्याकडचं मोजमाप सरकारी माणसानं केलं, तरी माप तेच निघालं. जॉर्ज ग्रिअर्सन हा आयर्लंडचा, बिहारात नोकरी केलेला आयसीएस अधिकारी. १८८६च्या व्हिएन्नाच्या प्राच्यविद्या परिषदेनं भारताच्या भाषांचं सर्वेक्षण व्हावं असा ठराव केला. १८९४ मध्ये काम सुरू झालं आणि १९२८ मध्ये संपलं. अकरा खंड, एकोणीस भाग, १७९ भाषा, ५४४ बोली. मद्रास इलाखा, हैदराबाद आणि म्हैसूर सर्वेक्षणातून वगळलेले होते. प्रत्येक बोलीचा नमुना म्हणून ग्रिअर्सननं एकच मजकूर सगळीकडे पाठवला: बायबलमधली उधळ्या पुत्राची गोष्ट. तीत सर्वनामं, नाती आणि क्रियापदांचे सगळे काळ भरपूर येतात. मामलेदार, शाळामास्तर, पाद्री यांनी ती आपापल्या भागातल्या बोलीत उतरवून पाठवली. डुकरं राखणारा तो मुलगा अशा रीतीनं वऱ्हाडीत पस्तावला, हलबीतही पस्तावला आणि कुडाळीतही.

ग्रिअर्सनची खरी अडचण नावांची होती. खेड्यातला माणूस स्वतःच्या भाषेला नाव देत नाही, असा त्याचा अनुभव. पन्नास मैलांपलीकडचे लोक काय बोलतात ते तो चटकन सांगेल, पण आपण बोलतो ते फक्त बोलणं. मोलिएरच्या नाटकातल्या जूर्दँला जसं चाळीस वर्षं आपण गद्य बोलत होतो याचा पत्ता नव्हता तसं, असं तो लिहितो. सव्वाशे वर्षांनी चुलीपाशी मला मिळालेलं उत्तर हेच. भाषा कुठली आणि बोली कुठली, यावरही त्यानं प्रामाणिकपणे हात वर केले आहेत. एव्हरेस्ट हा पर्वत आणि लंडनमधला चढ ही टेकडी, हे कोणीही सांगेल, पण मधली रेघ कुठं मारायची?

तरी रेघ मारावी लागलीच. मराठीचा सातवा खंड १९०५ साली आला. तो तयार केला होता स्टेन कोनो या नॉर्वेजियन पंडितानं. त्यानं मालवणी-कुडाळी कोकणीखाली ठेवली आणि कोकणी मराठीखाली. बस्तरची हलबीही याच खंडात आहे. खानदेशी, म्हणजे अहिराणी, मात्र नाही. ती गेली दोन वर्षांनी आलेल्या नवव्या खंडातल्या भिल्ली भाषांच्या भागात. घरी अहिराणी बोलून शाळेत मराठी लिहिणाऱ्या धुळ्याच्या माणसाला ही बातमी कोणी कळवली नाही.

कोकणीच्या नावाचा घोळ तर ग्रिअर्सनच्याही आधीचा. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट साष्टीत राहिला. त्यानं 'क्रिस्तपुराण' मराठीत लिहिलं आणि कोकणीचं व्याकरण पोर्तुगीजमध्ये. ते व्याकरण त्याच्या मृत्यूनंतर १६४० साली रायतूरला छापलं गेलं. शीर्षकात भाषेचं नाव आहे 'कानारी'. किनाऱ्याला पोर्तुगीज जे नाव देत होते तेच भाषेला चिकटलं, आणि पुढं कन्नडशी गल्लत व्हायची सोय झाली. कोकणीचं छापलेलं पहिलं व्याकरण असं परक्याच नावानं जगात आलं.

नंतरचा इतिहास आपल्याकडे अजूनही सावधपणे सांगावा लागतो. जानेवारी १९६७ मध्ये गोव्यानं महाराष्ट्रात विलीन व्हायचं का यावर मत दिलं आणि नाही म्हटलं. कोकणी ही मराठीची बोली आहे की नाही, हा प्रश्न त्या मतपेटीतही होता, जरी मतपत्रिकेवर नव्हता. १९७५ मध्ये साहित्य अकादमीनं कोकणीला स्वतंत्र साहित्यभाषा मानलं, १९८७ मध्ये गोव्याचा राजभाषा कायदा झाला आणि १९९२ मध्ये ती आठव्या अनुसूचीत गेली. राजभाषा कायद्यात कोकणी म्हणजे देवनागरीत लिहिलेली कोकणी अशी व्याख्या आहे. म्हणजे रोमी लिपीत तीनशेहून जास्त वर्षं चाललेलं लेखन भाषेच्या व्याख्येबाहेर राहिलं. माझं स्वतःचं मत विचाराल तर कोकणी ही वेगळी भाषा आहे. याचं कारण व्याकरण कमी आणि तिच्या लोकांनी तसं ठरवलं हे जास्त. मराठी माणसाला हे कबूल करणं अजून जड जातं.

या सगळ्यात आमच्या मावशीचं काय झालं? १९०५ मध्ये तिच्या पणजीची बोली कोकणीमार्गे मराठीत होती. आता जनगणनेत मालवणी कोकणीखाली धरतात, आणि कोकणी स्वतंत्र झाल्यामुळे तीही मराठीतून निघाली. अर्थात प्रगणकाला 'मालवणी' सांगितलं तर. 'मराठी' सांगितलं तर मराठी. सिंधुदुर्गात काय सांगतात ते जाणकारांना सांगायला नको.

२०११च्या जनगणनेत लोकांनी मातृभाषा म्हणून १९,५६९ वेगवेगळी नावं सांगितली. त्यांत लेखनातले फरक होते, जातींची आणि गावांची नावंही होती. छाननीनंतर उरल्या १,३६९ मातृभाषा, आणखी १,४७४ नावं वर्गीकरणाबाहेर टाकली गेली. मग दहा हजारांची चाळणी लावली: देशभरात तितके भाषक नसतील तर 'इतर'. शेवटी भाषा उरल्या १२१. मराठीत ८ कोटी ३० लाख लोक मोजले गेले. हिंदीच्या ५२ कोटींहून मोठ्या आकड्यात ५ कोटी भोजपुरीवाले आहेत. खानदेशी मात्र १८ लाखांसह स्वतंत्र उभी आहे. त्याच सुमारास गणेश देवी यांच्या लोकसर्वेक्षणानं ७८० भाषा मोजल्या. महाराष्ट्राचा खंड अरुण जाखडे यांनी संपादित केला. देश तोच, माणसं तीच, चाळणीची भोकं वेगळी.

आता पहिल्या दृष्टीला वाटतं, प्रोग्रामिंगच्या भाषांचं तरी सोपं असेल. प्रत्येकीचा जन्मदाखला आहे, व्याकरण शेवटच्या टिंबापर्यंत लिहिलेलं आहे आणि कोणाची आईची भाषा म्हणून भावना दुखावत नाहीत. पण १९६६ साली पीटर लँडिननं 'पुढच्या ७०० भाषां'वरचा प्रसिद्ध शोधनिबंध लिहिला, तेव्हा चालू भाषांचा आकडा १,७०० सांगितला जात होता. आपल्या १९६१च्या जनगणनेतल्या मातृभाषा १,६५२. तीन वर्षांनी जीन सॅमेट यांनी संगणकभाषांचा इतिहास लिहिला तेव्हा सुमारे १२० भाषांची दखल घेतली. मुखपृष्ठावर बाबेलचा मनोरा होता.

नावं कशी पडतात? बीसीपीएलची छाटून बी झाली, बी सुधारली तेव्हा सी, सीला वाढवलं तेव्हा सी प्लस प्लस. बारसं करणाऱ्यांत कल्पकता कमी आणि आळस जास्त. एमआयटीमध्ये दोघांनी १९७५ मध्ये लिस्पची एक बोली रचली. तिचं नाव 'स्कीमर' ठेवायचं होतं, पण त्या यंत्रावर फायलीचं नाव सहा अक्षरांपुरतंच राहत असे. शेवटचं अक्षर गळलं आणि 'स्कीम' उरलं. आमच्या गावच्या अर्ध्या आडनावांचं तलाठ्याच्या दप्तरात असंच झालं. जावा आधी ओक होती, जेम्स गॉसलिंगच्या कचेरीबाहेरच्या झाडावरून. ते नाव दुसऱ्या कंपनीच्या मालकीचं निघालं. जावास्क्रिप्टचं जावाशी नातं फक्त नावापुरतं आहे. हे नाव १९९५ मध्ये बाजारासाठी लावलं. पुढं मानक करायची वेळ आली तेव्हा ट्रेडमार्कमुळे तेच नाव वापरता येईना, म्हणून मानकात तिचं नाव एक्मास्क्रिप्ट. म्हणजे दप्तरी नाव एक आणि हाक मारायचं दुसरं.

इथं चाळण्याही आहेत. भाषांची लोकप्रियता मोजणारी टियोबे ही नेदरलँडमधली कंपनी. तिच्या यादीत यायचं तर विकिपीडियावर स्वतंत्र नोंद हवी, गणनेची पुरी ताकद हवी आणि गूगलवर किमान ५,००० ठिकाणी उल्लेख हवा. जनगणनेची दहा हजारांची अट वाचून मग ही वाचली तेव्हा हसू आलं. यंत्रांची ओळखही डळमळीतच. '.पीएल'नं संपणारी फाइल पर्लची की प्रोलॉगची, हे कोडसाठवण करणाऱ्या संकेतस्थळांना आतले शब्द बघून अंदाजानं ठरवावं लागतं. देवनागरी मजकुराचंही तसंच: 'आहे' दिसलं की मराठी, 'है' दिसलं की हिंदी. मावशीच्या 'आसा'पाशी यंत्र गडबडतं.

पर्लची गोष्ट मात्र जरा थांबून सांगायला हवी. तिचा कर्ता लॅरी वॉल हा भाषाशास्त्र शिकलेला. तो आणि त्याची पत्नी, दोघांचा बेत होता की आफ्रिकेत जाऊन लिपी नसलेली एखादी भाषा शोधायची, तिला लिपी द्यायची आणि तीत बायबल उतरवायचं. प्रकृतीच्या कारणानं ते राहिलं आणि तो संगणकाकडे वळला. १९८७ मध्ये त्यानं जी भाषा केली तिचं नाव बायबलमधल्या मौल्यवान मोत्याच्या दृष्टांतावरून 'पर्ल' ठेवलं. मोती या अर्थाच्या इंग्रजी शब्दातलं एक अक्षर गाळावं लागलं, कारण त्या पूर्ण नावाची भाषा आधीच होती. २००० साली सहावी आवृत्ती जाहीर झाली. तीत इतकं बदललं की जुने प्रोग्राम तिच्यात चालेनात. पंधरा वर्षांनी ती बाहेर पडली तेव्हा पाचवी आवृत्ती जिवंत होती, वाढत होती, आणि सहाचा आकडा धाकटीनं अडवलेला. मग सुरू झालं तेच जे आपण गोव्यात मांडवीच्या काठावर पाहिलंय: ही तिची पुढची पायरी की बहीण? बहीण असेल तर नाव का तेच? २०१९ मध्ये सहावीचं नाव 'राकू' झालं. त्याला संमती देताना वॉलनं दृष्टांत वापरला तोही बायबलातलाच, नवा द्राक्षारस नव्या बुधल्यांत भरण्याचा. उधळ्या पुत्राच्या गोष्टीपासून निघालेली भाषामोजणी मला इथं, एका संगणकभाषेच्या घटस्फोटापाशी, पुन्हा भेटली. राकूला राज्य मिळायचं नव्हतं, नोकऱ्या नव्हत्या, शाळा नव्हत्या. तरी भांडण एकोणीस वर्षं पुरलं.

अर्ज शेवटी मी के-ओ-के टाकून पाठवला आणि 'शेरा' लिहायच्या जागेत 'मालवणी' असं लिहिलं. तीन दिवसांनी संग्रहाच्या पानावर गोष्टी दिसू लागल्या. खाली यंत्रानं आपोआप लावलेलं लेबल: मराठी.

फोनवर मावशीला सांगितलं. पुढची जनगणना २०२७ची, आणि प्रगणक यावेळी मोबाइलवर नोंदी करणार, हे तिनं बातम्यांत ऐकलं होतं. तिनं विचारलं, "तेच्या मोबायलात तरी मालवणी गावतली काय?"