निकाल विरोधात गेला? ‘फेरविचार’ मागायचा की अपील करायचे, आधी समजून घ्या

अहिल्यानगर : दिवाणी दावा हरला की अनेक पक्षकार वकिलाला विचारतात, ‘याच कोर्टाला पुन्हा विचार करायला सांगता येईल का?’ सांगता येते, पण मोजक्याच कारणांसाठी. मार्ग चुकला, तर फेरविचार मिळत नाहीच, शिवाय अपिलाची मुदतही निघून जाण्याचा धोका असतो.

कायदा काय सांगतो?

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ११४ आणि आदेश ४७ मध्ये फेरविचाराची (पुनर्विलोकन) तरतूद आहे. त्यासाठी तीनच कारणे चालतात :

- पूर्ण प्रयत्न करूनही आधी माहीत नसलेला किंवा सादर करता न आलेला महत्त्वाचा पुरावा मिळणे
- निकालाच्या कागदावरच दिसणारी उघड चूक
- याच स्वरूपाचे अन्य पुरेसे कारण

ज्या निकालावर अपिलाची सोय नाही, किंवा सोय असून अपील केलेले नाही, त्याचाच फेरविचार मागता येतो. निकाल देणारे न्यायाधीश त्याच न्यायालयात असतील, तर सहसा अर्ज त्यांच्यापुढेच चालतो.

उदाहरणाने समजून घेऊ

समजा, नागापूरमधील दोन भावांमध्ये जमिनीच्या वाटपाचा दावा झाला आणि धाकटा हरला. पुढे चार शक्यता आहेत.

*गट क्रमांक चुकीचा छापला गेला :* ही लेखनातील चूक आहे. फेरविचाराची गरज नाही. कलम १५२ नुसार ती केव्हाही दुरुस्त होते.

*थेट लागू असलेली कायद्याची तरतूद निकालात नजरेतून सुटली :* ही उघड चूक ठरू शकते. फेरविचार मागता येईल.

*निकालानंतर जुने खरेदीखत सापडले :* अर्ज करता येईल, पण कोर्ट विचारणार, ‘आधी का आणले नाही?’ दस्त नोंदणीकृत असेल आणि दुय्यम निबंधक कार्यालयातून त्याची नक्कल मिळणे शक्य होते, तर उत्तर देणे अवघड जाते.

*कोर्टाने साक्षीदारावर चुकीचा विश्वास ठेवला, असे वाटते :* हा अपिलाचा विषय आहे. चूक दाखवायला लांबलचक युक्तिवाद लागत असेल, तर ती ‘उघड’ चूक नव्हे.

नंतर दुसऱ्या एखाद्या प्रकरणात वरिष्ठ न्यायालयाने कायद्याचा वेगळा अर्थ लावला, हेही फेरविचाराचे कारण होत नाही.

मराठा आरक्षणात काय झाले होते?

सर्वोच्च न्यायालयाला फेरविचाराचा अधिकार राज्यघटनेच्या अनुच्छेद १३७ ने दिला आहे. दिवाणी प्रकरणांत तिथेही आदेश ४७ चेच निकष लागतात. ५ मे २०२१ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने राज्याचा मराठा आरक्षण कायदा रद्द केला. मागास प्रवर्ग ठरवण्याच्या राज्यांच्या अधिकारावरून केंद्राने फेरविचार याचिका केली. त्यातील मुद्द्यांचा मूळ निकालात विचार झाला आहे, असे सांगत न्यायालयाने २०२१ मध्येच ती फेटाळली. राज्य सरकारची याचिकाही एप्रिल २०२३ मध्ये फेटाळली गेली. राज्यांचा अधिकार परत आला तो १०५ व्या घटनादुरुस्तीने. सरकारलाही तेच मुद्दे पुन्हा मांडून निकाल बदलून घेता आला नाही.

मुदत किती?

फेरविचार अर्जासाठी निकालापासून ३० दिवस मिळतात. जिल्हा न्यायालयातील अपिलालाही ३० दिवस, तर उच्च न्यायालयातील अपिलाला ९० दिवस आहेत. प्रमाणित प्रत मिळवण्यात गेलेला आवश्यक कालावधी यातून वगळला जातो. त्यामुळे प्रतीसाठी अर्ज लगेच करावा. उशीर माफ होऊ शकतो, पण त्यासाठी पुरेसे कारण दाखवावे लागते.

अर्ज फेटाळला तर?

फेरविचार नाकारणाऱ्या आदेशावर अपील नाही, दुसरा फेरविचारही नाही. मूळ निकालावर अपील करायचे, तर त्याची मुदत मूळ निकालापासूनच मोजली जाते. फेरविचार अर्ज दाखल केला म्हणून ती आपोआप थांबत नाही. म्हणून निकालाची प्रत हातात येताच वकिलाला पहिला प्रश्न विचारावा : चूक कागदावर दिसते आहे, की ती पटवून द्यावी लागणार आहे? पटवून द्यावी लागणार असेल, तर अपील हाच मार्ग.