पोटगी आणि ओढगस्त

नोकरी सुटली की पोटगीही सुटली, असा पुष्कळांचा समज असतो. कायदा तसे मानीत नाही.

ओढगस्त खरी असेल, तर माणसाने हप्ते थकवून स्वस्थ बसू नये. न्यायालयात जाऊन बदललेली परिस्थिती पुराव्यानिशी मांडावी. भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३, हिच्या कलम १४६ प्रमाणे न्यायदंडाधिकाऱ्यास रक्कम कमी-अधिक करता येते. मात्र नवा हुकूम होईपर्यंत जुना हुकूम बंधनकारकच राहतो.

पुरेशा कारणावाचून पैसे थकविले, तर कलम १४४ अन्वये ते दंडाप्रमाणे वसूल करण्यासाठी वॉरंट निघते. तरीही बाकी उरल्यास प्रत्येक महिन्याच्या थकबाकीबद्दल एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. येथे पत्नीनेही सावध असावे. रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज करावा लागतो.

कैद भोगली म्हणजे देणे फिटले काय? नाही. कैद हा वसुलीचा उपाय आहे, फेड नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ साली कुलदीप कौर यांच्या खटल्यात स्पष्ट केले.

बापाची अडचण न्यायालय ऐकून घेते; पण ती त्याने वेळीच सांगितली पाहिजे. हप्ता थांबला, तरी मुलाची भूक थांबत नाही.