संगणक कार्यक्रमांवरील डिजिटल मोहोर

संगणकात एखादा नवा कार्यक्रम बसवावयाचा झाल्यास प्रथम त्याची इन्स्टॉलर फाइल चालवावी लागते. ही फाइल कार्यक्रमाचे सर्व भाग योग्य त्या जागी ठेवते, आवश्यक त्या नोंदी करते आणि कार्यक्रम वापरण्यायोग्य करून देते. या कामासाठी तिला अनेकदा संगणकाचे सर्वाधिकार द्यावे लागतात. ज्या संगणकात कार्यालयाचे दप्तर, रुग्णांच्या नोंदी किंवा बँकेचे व्यवहार आहेत, त्याचा संपूर्ण ताबा काही काळ एका परक्या फाइलीकडे जातो. म्हणूनच ती फाइल नेमकी कोणाकडून आली, आणि वाटेत तिच्यात कोणी फेरफार केला काय, हे दोन प्रश्न महत्त्वाचे ठरतात. या प्रश्नांची उत्तरे देणारी व्यवस्था म्हणजे कोड सायनिंग, अर्थात संगणक कार्यक्रमांवर डिजिटल स्वाक्षरी करण्याची पद्धत होय.

कार्यक्रम जेव्हा दुकानातून बंद खोक्यात मिळत असत, तेव्हा खोके आणि दुकानदार पाहून ग्राहक विश्वास ठेवीत असे. इंटरनेटवरून फाइली उतरवून घेण्याची प्रथा सुरू झाली आणि तो आधार नाहीसा झाला. ही उणीव भरून काढण्यासाठी मायक्रोसॉफ्ट कंपनीने १९९६ साली ‘ऑथेंटिकोड’ ही स्वाक्षरीची पद्धत आणली. विंडोज संगणकांवर तीच पद्धत पुढे रूढ झाली.

स्वाक्षरी कशी होते?

फाइल कितीही मोठी असली तरी ठरावीक गणिती प्रक्रियेने तिच्यापासून निश्चित लांबीची एक संख्या काढता येते. तिला हॅश असे म्हणतात. आज प्रचलित असलेल्या एसएचए-२५६ पद्धतीत ही संख्या २५६ बिटांची असते. मूळ फाइलीत एका अक्षराचा बदल झाला तरी हॅश पूर्णपणे बदलतो, आणि तोच हॅश येईल अशी दुसरी फाइल बनविणे व्यवहारतः अशक्य असते.

पुढील भाग किल्ल्यांच्या जोडीचा आहे. १९७६ साली व्हिटफील्ड डिफी व मार्टिन हेलमन या अमेरिकी शास्त्रज्ञांनी सार्वजनिक किल्लीची कल्पना प्रसिद्ध केली. १९७७ साली मॅसॅच्युसेट्स येथील तंत्रज्ञान संस्थेतील रिव्हेस्ट, शमीर व ॲडलमन यांनी ती प्रत्यक्षात आणणारी पद्धत शोधून काढली. त्यांच्या आडनावांच्या आद्याक्षरांवरून ती आरएसए या नावाने ओळखली जाते. या पद्धतीत परस्परांशी संबंधित अशा दोन किल्ल्या असतात. खासगी किल्ली धारकाने गुप्त ठेवावयाची असते, तर सार्वजनिक किल्ली सर्वांना खुली असते. प्रकाशक फाइलीच्या हॅशवर खासगी किल्लीने स्वाक्षरी करतो. ग्राहकाचा संगणक सार्वजनिक किल्लीने ती पडताळतो आणि हाती आलेल्या फाइलीचा हॅश स्वतः पुन्हा काढून दोहोंचा मेळ घालतो. मेळ बसला तर फाइल मूळ स्वरूपात आहे असे सिद्ध होते. महाराष्ट्रात डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा उतारा मिळतो, त्यामागील तत्त्वही हेच आहे.

प्रमाणपत्र आणि कालमुद्रा

सार्वजनिक किल्ली अमुक एका प्रकाशकाचीच आहे हे कोणी सांगावे? हे काम प्रमाणन संस्था करतात. प्रकाशकाची नोंदणी, पत्ता व अन्य कागदपत्रे तपासून त्या कोड सायनिंग प्रमाणपत्र देतात. या संस्थांच्या मूळ प्रमाणपत्रांची यादी विंडोजसारख्या प्रणालीत आधीपासूनच साठविलेली असते. फाइलीवरील प्रमाणपत्राचा संबंध त्या यादीपर्यंत जोडता आला तरच संगणक प्रकाशकाचे नाव दाखवितो. अन्यथा ‘अज्ञात प्रकाशक’ अशी सूचना पडद्यावर येते.

प्रमाणपत्राची मुदत ठरलेली असते. मुदत संपल्यावर जुने इन्स्टॉलर निरुपयोगी होऊ नयेत म्हणून स्वाक्षरीबरोबर कालमुद्रा घेण्याची सोय आहे. एका तटस्थ संस्थेने स्वाक्षरीच्या वेळेची दिलेली ही ग्वाही असते. स्वाक्षरी झाली त्या वेळी प्रमाणपत्र वैध होते एवढे तिच्यावरून सिद्ध झाले, म्हणजे ती स्वाक्षरी पुढेही ग्राह्य धरली जाते.

मोहोर खरी, माल खोटा

येथवरची व्यवस्था गणिताच्या दृष्टीने भक्कम आहे. तथापि तिच्याभोवती माणसे आहेत, आणि आजवरचे मोठे अपघात तेथेच घडले आहेत.

जानेवारी २००१ मध्ये एका तोतयाने आपण मायक्रोसॉफ्टचे प्रतिनिधी असल्याचे भासविले आणि व्हेरिसाइन या प्रमाणन संस्थेकडून त्या कंपनीच्या नावाची दोन प्रमाणपत्रे मिळविली. मार्चमध्ये हा प्रकार जाहीर झाला. प्रमाणपत्रे रद्द झाली, परंतु रद्द झालेल्या प्रमाणपत्रांची यादी कोठे पाहावयाची याचा निर्देश त्यांत नसल्याने मायक्रोसॉफ्टला स्वतंत्र दुरुस्ती प्रसृत करावी लागली.

२०१० साली उघडकीस आलेल्या स्टक्सनेट या घातक कार्यक्रमाच्या काही भागांवर रिअलटेक व जेमायक्रॉन या तैवानमधील दोन कंपन्यांच्या स्वाक्षऱ्या होत्या. स्वाक्षऱ्या खऱ्या होत्या, पण किल्ल्या चोरलेल्या होत्या.

२०१७ सालची घटना याहून बोधप्रद आहे. संगणकातील निरुपयोगी फाइली काढून टाकणाऱ्या सीक्लीनर या लोकप्रिय कार्यक्रमाच्या एका आवृत्तीत, ती तयार होत असतानाच, घुसखोरांनी घातक भाग मिसळला. त्यानंतर कंपनीच्या नेहमीच्या प्रमाणपत्राने तिच्यावर स्वाक्षरी झाली. ही आवृत्ती १५ ऑगस्ट रोजी प्रसृत झाली आणि १८ सप्टेंबर रोजी प्रकार जाहीर होईपर्यंत सुमारे २२ लाख ७० हजार संगणकांत पोहोचली. येथे किल्ली चोरीला गेली नव्हती आणि प्रमाणपत्रही खोटे नव्हते. स्वाक्षरी होण्यापूर्वीच मालात भेसळ झाली होती.

यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. स्वाक्षरी फाइल कोणाची आहे आणि ती बदललेली नाही, एवढेच सांगते. फाइल निर्दोष आहे अशी हमी ती देत नाही.

किल्लीची राखण

अशा अनुभवांतून नियम कडक होत गेले. १ जून २०२३ पासून कोड सायनिंगची खासगी किल्ली साध्या फाइलीत ठेवण्यास मनाई आहे. ती मान्यताप्राप्त सुरक्षित उपकरणातच ठेवावी लागते. उपकरण किल्ली बाहेर न देता आतल्या आत स्वाक्षरी करते, त्यामुळे तिची नक्कल करून नेता येत नाही. तरीही स्वाक्षरीचा अधिकार कोणाकोणाला द्यावयाचा आणि स्वाक्षरीपूर्वी फाइलीची तपासणी कोणी करावयाची, हे प्रत्येक संस्थेला स्वतःच ठरवावे लागते.

भारतात डिजिटल स्वाक्षरीला माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० अन्वये कायदेशीर मान्यता आहे. हा अधिनियम १७ ऑक्टोबर २००० पासून अमलात आला. प्रमाणन संस्थांना परवाना देण्याचा अधिकार त्याखालील नियंत्रकांकडे असून पुण्याची सी-डॅक ही परवानाप्राप्त संस्थांपैकी एक आहे. मात्र निविदा भरण्यासाठी किंवा विवरणपत्रासाठी घेतलेले प्रमाणपत्र कोड सायनिंगसाठी चालत नाही. त्यासाठी त्याच उपयोगाचे आणि संबंधित प्रणालीने मान्य केलेले प्रमाणपत्र लागते.

नागरिकांनी काय पाहावे?

विंडोज संगणकात इन्स्टॉलर फाइलीच्या गुणधर्मांत डिजिटल स्वाक्षरीची माहिती पाहता येते. तेथील नाव अपेक्षित प्रकाशकाचेच आहे काय, हे वाचून पाहावे. नावात एका अक्षराचा फरक असला तरी थांबावे. ‘अज्ञात प्रकाशक’ अशी सूचना आल्यास फाइल घातकच आहे असे नव्हे; लहान विकसकांना प्रमाणपत्राचा खर्च नेहमीच परवडतो असे नाही. परंतु अशा वेळी फाइल कोठून आली याची खात्री स्वतः करून घेणे अगत्याचे आहे.

मोबाइलबाबत अधिक सावध राहावयास हवे. अँड्रॉइडवर प्रत्येक ॲप स्वाक्षरित असावेच लागते. परंतु विकसकाने स्वतःच बनविलेले प्रमाणपत्र त्यासाठी पुरते. नवी आवृत्ती जुन्याच किल्लीच्या धारकाची आहे, एवढेच त्या स्वाक्षरीवरून समजते. लग्नपत्रिका किंवा वाहतूक दंडाची पावती असे नाव देऊन व्हॉट्सॲपवरून पाठविलेल्या बनावट एपीके फाइलीही त्यामुळे स्वाक्षरित असू शकतात. त्या बसविल्यास संदेश वाचण्याची परवानगी मागितली जाते आणि बँकेचा सांकेतिक क्रमांक भामट्यांच्या हाती पडतो. निमंत्रण किंवा पावती वाचण्यासाठी ॲप बसवावे लागत नाही, हे ध्यानी ठेवल्यास अशा फसवणुकीस आळा बसेल. डिजिटल मोहोर ही उपयुक्त खूण खरी. परंतु ती कोणाची आहे हे वाचून पाहणाऱ्यालाच तिचा लाभ होतो.