गुरुजींची बदली अन् कोर्टाचा स्टे : न्यायालय नेमकं बघतं काय?

जिल्हा परिषद शाळेच्या बदल्यांची यादी लागली की गावात एक वाक्य हमखास ऐकू येतं, "गुरुजी कोर्टात गेलेत, आता स्टे आणतील." पण कोर्टात गेलं की पाहिजे ते गाव मिळतं, असं नाही.

कोर्ट काय बघतं?
शाळा वाटून देणं हे कोर्टाचं काम नाही. बदली करताना नियम मोडला का, कुणी आकसाने केली का, एवढंच ते तपासतं.

बिहारमध्ये काही शिक्षिकांची त्यांच्या विनंतीवरून पतीच्या नोकरीच्या ठिकाणी बदली झाली. त्यामुळे ज्यांना हलावं लागलं, त्या कोर्टात गेल्या. पाटणा हायकोर्टाने बदल्या रद्द केल्या. सुप्रीम कोर्टाने १९९० साली त्या पुन्हा कायम केल्या. बंधनकारक नियम मोडला नसेल आणि हेतू वाईट नसेल, तर कोर्टाने हात घालू नये, असं त्यात सांगितलं. उत्तर प्रदेशातल्या एका प्राध्यापिकेच्या प्रकरणात २०२१ मध्ये तर स्पष्टच सांगितलं, की अमुकच ठिकाण द्या असा हट्ट कर्मचारी धरू शकत नाही.

मग कोर्टात जायचं कशावर?
आपल्याकडे झेडपीच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या धोरणाने ऑनलाइन होतात. दिव्यांग, गंभीर आजारी, विधवा, परित्यक्ता हे विशेष संवर्ग भाग १ मध्ये येतात. पती-पत्नीच्या शाळांत ३० किलोमीटरपेक्षा जास्त अंतर असेल तर भाग २. अवघड क्षेत्रात सेवा केलेल्यांनाही बदलीचा अधिकार आहे. संवर्ग चुकीचा धरला, सेवाज्येष्ठता डावलली, तर दाद मागता येते.

राज्य सरकारी कर्मचारी मॅटमध्ये जातात. झेडपीच्या शिक्षकांना मात्र हायकोर्टात याचिका करावी लागते. त्याआधी झेडपीकडे लेखी निवेदन दिलेलं बरं. बऱ्याचदा कोर्ट 'निवेदनावर अमुक मुदतीत निर्णय घ्या' एवढाच आदेश देतं.

एक गोष्ट विसरू नये. नुसतं निवेदन दिलं म्हणून बदली थांबत नाही. स्टे नसेल तर नव्या शाळेत रुजू व्हावंच लागतं, नाहीतर कारवाई होऊ शकते. सुप्रीम कोर्टाने हे १९८९ मध्येच सांगितलंय.

पोरांचं काय?
बदल्या साखळीने होतात. एका जागेवर 'जैसे थे'चा आदेश आला, की तिथे येणारे गुरुजीही अडकतात. दोन शिक्षकी शाळेत एकच माणूस पाच वर्ग सांभाळतो.

शिक्षण हक्क कायद्याप्रमाणे पहिली ते पाचवीच्या शाळेत ६० पोरांपर्यंत दोन शिक्षक लागतातच. कोर्टातला वाद गुरुजी आणि झेडपीचा आहे, त्यामुळे हा नियम थांबत नाही. म्हणून जागा रिकामी राहिली तर शाळा व्यवस्थापन समितीने ठराव करून गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे तात्पुरता शिक्षक मागावा आणि अर्जाची पोच घ्यावी. निकाल लागेल तेव्हा लागेल, पोरांचं वर्ष थांबत नाही.