ब्लूबेरी : गुण किती, गाजावाजा किती?

मागील वर्षी न्यू जर्सीहून सुट्टीवर आलेल्या चिरंजीवाने ब्लूबेरीच्या कॅप्सूलच्या दोन बाटल्या माझ्या हाती ठेवल्या. “बाबा, याने साखर आटोक्यात राहते,” असे त्याने आपुलकीने सांगितले. कर्जाचा कागद वाचल्याशिवाय सही करू नये, हे बँकेत आयुष्यभर इतरांना शिकविणाऱ्या मी कोणासही न विचारता मधुमेहाची सायंकाळची गोळी बंद केली. सहा आठवड्यांनी रक्ततपासणीचा कागद पाहून डॉक्टरांनी चष्मा काढून ठेवला आणि गोळीविषयी विचारले. मला खोटे बोलवेना. त्याच दिवशी सौभाग्यवतींनी बाटलीवरील बारीक अक्षरे वाचली. कॅप्सूलचे आवरण जिलेटिनचे, म्हणजे प्राण्यांच्या कातड्या-हाडांपासून केलेले होते. आरोग्य आणि आहारनियम, दोन्ही खात्यांत मी एकदम तोटा करून घेतला होता!

त्यानंतर मात्र या फळाची माहिती नीट मिळविली, आणि गंमत म्हणजे त्याचा इतिहास चिरंजीवाच्या न्यू जर्सीतच निघाला. ब्लूबेरी हे मूळचे उत्तर अमेरिकेतील रानझुडूप. तेथील आदिवासी ही फळे वेचून वाळवून ठेवत. शेतात लावले की ते जगत नसे. त्याला आम्लधर्मी जमीन लागते, हे फ्रेडरिक कोव्हिल या सरकारी वनस्पतिशास्त्रज्ञाने प्रयोगांती १९१० साली प्रसिद्ध केले. ते वाचून एलिझाबेथ व्हाइट या बाईंनी त्याला आपल्या वडिलांच्या जमिनीवर प्रयोग करण्याचे निमंत्रण दिले. वडिलांचा व्यवसाय क्रॅनबेरीचा. त्या फळासही तशीच दलदलीची आम्ल जमीन मानवते. परिसरातील रानाची माहिती असलेल्या लोकांना बाईंनी मोठ्या फळांची झुडपे शोधण्यास मोबदला दिला, फळ मोजण्यासाठी भोके पाडलेली पट्टीही दिली, आणि झुडपाला शोधणाऱ्याचे नाव देण्याची प्रथा पाडली. १९१६ साली लागवडीच्या ब्लूबेरीचे पहिले पीक बाजारात गेले. व्यापारी घरातील कन्येची ही दृष्टी मला फळापेक्षाही अधिक मोलाची वाटली.

आता औषधी गुणांकडे वळू. युरोपात ब्लूबेरीची सख्खी बहीण म्हणावी अशी बिलबेरी आहे. इन्शुलिन हाती येण्यापूर्वी तिच्या पानांचा काढा तेथे मधुमेहावर घरगुती उपाय म्हणून घेतला जाई. आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथांत अमेरिकेतील ब्लूबेरीचा उल्लेख असण्याचे कारणच नाही. तरी काही जाहिरातींत तसा आव आणला जातो.

फळाच्या सालीतील निळा-जांभळा रंग अँथोसायनिन नावाच्या द्रव्यांचा. ताज्या १०० ग्रॅम फळांत सुमारे ५७ कॅलरी, १० ग्रॅम साखर आणि अडीच ग्रॅमच्या आसपास तंतू असतात. क जीवनसत्त्व जवळपास १० मिलिग्रॅम. म्हणजे चांगले फळ, परंतु चमत्कार नव्हे.

इंग्लंडमधील ईस्ट अँग्लिया विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१९ साली एक काळजीपूर्वक केलेली चाचणी प्रसिद्ध केली. स्थूलता, रक्तदाब, साखर अशा एकत्रित तक्रारी असलेल्या ११५ व्यक्तींनी सहा महिने रोज ब्लूबेरीची पूड किंवा तशीच दिसणारी नकली पूड घेतली. रोज एक कप, म्हणजे १५० ग्रॅम फळांइतकी पूड घेणाऱ्यांच्या रक्तवाहिन्यांची लवचिकता सुधारली. अर्ध्या कपाने तो लाभ दिसला नाही. आणि मी ज्यासाठी गोळी सोडली, त्या इन्शुलिनच्या कार्यात काहीही सुधारणा आढळली नाही! वृद्धांच्या स्मरणशक्तीविषयीही चाचण्या झाल्या आहेत, परंतु त्यांत माणसे फार थोडी. त्यावरून एवढ्यात निष्कर्ष काढणे घाईचे होईल.

दुकानातून आणताना जमा-खर्च नीट पाहावा. सुक्या ब्लूबेरीच्या पाकिटांत बहुधा वरून साखर घातलेली असते. मधुमेह्यांनी ती सुका मेवा समजून मूठ भरून खाऊ नये. जॅम शिजविताना रंगद्रव्याचा बराच भाग नष्ट होतो. गोठविलेल्या फळांत तो चांगला टिकतो. ‘ब्लूबेरी’ नावाच्या केकमध्ये अंडे आणि चघळण्याच्या गोळ्यांत जिलेटिन असू शकते. फळात बारीक बिया पुष्कळ असतात. बहुबीजाचा त्याग असणाऱ्या श्रावक-श्राविकांनी ते ध्यानात घ्यावे. फळावरील पांढुरकी झाक मात्र नैसर्गिक मेणाची असते, ती बुरशी समजून फळे टाकू नयेत. रक्त पातळ ठेवणारे वॉरफरिन घेणाऱ्यांनी के जीवनसत्त्वामुळे आहारात अचानक फरक करण्यापूर्वी डॉक्टरांना विचारावे.

परदेशातून आलेल्या त्या छोट्या डबीची किंमत पाहिली की मला आपली जांभळे आठवतात. त्यांच्या आणि करवंदांच्या रंगातही अँथोसायनिनच असते. पावसाळ्याच्या तोंडावर आमच्या घरी टोपलीभर जांभळे येतात. शेजारचे एक स्नेही त्यांच्या बियांची पूड करून ठेवतात आणि मलाही देतात. ती मी घेतो, पण सायंकाळची गोळी घेतल्यावर.