मास्तर नसलेलं स्टेशन

पूर्णेहून अकोल्याकडे निघालेली गाडी वसमत, बोल्डा, नांदापूर करत हिंगोलीला येते आणि कनेरगाव नाक्यावरून वाशीमकडे जाते. पूर्णा ते हिंगोली हा रूळ निजामाच्या रेल्वेने 1912 मध्ये टाकला. स्टेशनचं ‘हिंगोली डेक्कन’ हे नाव आजही कायम आहे. मीटरगेजचा हा मार्ग 2008 मध्ये ब्रॉडगेज झाला. अशा मार्गांवर आडबाजूच्या खेड्यांना रेल्वे भेटते ती हॉल्टमुळे.

हॉल्टवर स्टेशन मास्तर नसतो. सिग्नल नाही, सांधे नाहीत. रुळाच्या कडेला बुटका फलाट आणि पिवळ्या पाटीवर गावाचं नाव, एवढाच थाट. वेळापत्रकात थांबा आहे म्हणून गाडी थांबते. सगळे चढले की मागच्या डब्यातला गार्ड हिरवा झेंडा दाखवतो. 2022 पासून त्याला ट्रेन मॅनेजर म्हणतात, पण गावाच्या तोंडी तो गार्डच.

तिकिटाचं काय? बऱ्याच हॉल्टवर रेल्वे गावातल्याच माणसाला एजंट नेमते. तो जवळच्या मोठ्या स्टेशनवरून तिकिटं आणतो, गाडीच्या वेळेला खिडकी उघडतो आणि विक्रीवर कमिशन घेतो. पगार नाही. नांदेडला दवाखान्यात निघालेल्या म्हाताऱ्या माणसाला ‘गाडी लेट आहे, सावलीत बसा’ असं सांगणाराही बहुधा तोच. विदर्भातल्या शकुंतला रेल्वेवर तर गार्डच खाली उतरून तिकिटं विकत असे.

जपानमध्ये जवळपास निम्मी स्टेशनं अशीच बिनकर्मचाऱ्यांची आहेत. खेड्यांतली माणसं कमी झाली, तशी खिडक्या बंद झाल्या. तिथे प्रवासी डब्यात चढताना यंत्रातून चिठ्ठी घेतो. तिच्यावरच्या आकड्याप्रमाणे भाडं पुढे फलकावर दिसतं आणि उतरताना तो ते चालकाजवळच्या पेटीत टाकतो. वाकायामा भागातली किशिगावा लाइन बंद पडायला आली, तेव्हा तिथल्या लोकांनी ती टिकवण्यासाठी आवाज उठवला. 2006 मध्ये नव्या कंपनीने ती चालवायला घेतली आणि 2007 मध्ये किशी स्टेशनवरच्या तामा नावाच्या मांजरीला स्टेशन मास्तर नेमलं. तिला बघायला लांबून प्रवासी येऊ लागले.

आपल्याकडे मार्च 2020 मध्ये कोरोनाच्या टाळेबंदीत पॅसेंजर गाड्या थांबल्या. पुन्हा सुरू झाल्या तेव्हा अनेक गाड्यांचे छोटे थांबे गळाले आणि किमान भाडं दहा रुपयांवरून तीसवर गेलं. भाडं फेब्रुवारी 2024 मध्ये परत दहावर आलं. थांबे मात्र सगळीकडे परत मिळाले नाहीत. ज्याच्याकडे मोटारसायकल नाही, त्याला याची झळ सर्वांत जास्त बसते.

हॉल्टवर मास्तर नसला तरी चालेल. दिवा, पाणी, शेड आणि बाईमाणसाला चढता येईल इतका उंच फलाट मात्र हवाच. आणि गावकऱ्यांनीही एक करावं: दोन स्टेशनांचाच प्रवास असला तरी तिकीट हॉल्टच्या खिडकीवरच काढावं. थांबा ठेवायचा की काढायचा, हे ठरवताना तिथली विक्री बघितली जाते.